पाककृती छापता, तर भांड्याचं मापही छापा

मा. संपादक महोदय,

स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत मध्यंतरी ब्रेकफास्ट कॅसेरोलची पाककृती आली होती. पाव, अंडी, दूध, चीज आणि सॉसेज यांचे थर रात्री ट्रेमध्ये लावायचे, ट्रे फ्रिजमध्ये ठेवायचा आणि सकाळी पाहुण्यांच्या आंघोळी होईपर्यंत ओव्हनमधून भाजून काढायचा, असा तो प्रकार. पाककृती चांगली होती. पण तळाला एक ओळ होती : पाहुणे जास्त असतील तर सर्व जिन्नस त्या पटीत वाढवावेत. माझी तक्रार त्या एका ओळीबद्दल आहे. ती जरा ऐसपैस मांडते, कारण आमच्या सोसायटीने यंदा २६ जानेवारीला सत्तर माणसांचा नाश्ता याच पद्धतीने केला आणि त्या ओळीत काय काय दडलेलं आहे ते सगळं आमच्यासमोर आलं.

नौपाड्यात माझं पोळीभाजी केंद्र होतं. बिल्डिंग रीडेव्हलपमेंटला गेली, गाळा गेला, तेव्हा मीही तवा उतरवला आणि पाचपाखाडीला मुलाकडे राहायला आले. 'पटीत वाढवा' असं कुठे वाचलं की माझ्या कपाळाला आपोआप आठी पडते. चार जणांच्या रश्शातून जेवढं पाणी आटतं त्याच्या दहापट पाणी चाळीस जणांच्या रश्शातून आटत नाही, कारण पातेल्याचं तोंड काही दहापट रुंद होत नाही. चार वांगी पाच मिनिटांत परततात. चाळीस वांगी त्याच कढईत परतली जात नाहीत, स्वतःच्याच पाण्यात शिजतात. हे ज्याने मोठ्या पातेल्यात कधी उलथनं घातलंय त्याला सांगावं लागत नाही. पुरवणीत लिहिणाऱ्यांना मात्र सांगावं लागेल असं दिसतं.

तरी मुळातली कल्पना मला पटली, आणि का पटली ते आधी सांगते. सत्तर माणसांच्या नाश्त्यात चव साधते, वेळ साधत नाही. पोहे घ्या. सत्तर जणांना साडेतीन-चार किलो जाडे पोहे लागतात. सगळे एकदम भिजवले तर खालचा थर गिच्च होतो आणि वरचा कोरडा राहतो. चार खेपांत करावेत तर पहिली खेप चौथीची वाट बघत सुकते. उपमा पातेल्यात बसून राहिला की त्याच्या वड्या पडतात. बाहेरून वडापाव मागवला तर वडा गार, पाव चिवट आणि कागद तेलकट. इडली बरी, पण सत्तर माणसांच्या दोनशे इडल्या घरच्या साच्यातून काढायच्या म्हणजे पहाटे चारला उठणं आलं. आणि यातलं काहीही करा, दोन-तीन बायका शेवटचा माणूस खाऊन जाईपर्यंत शेगडीपाशी उभ्या असतात. झेंडावंदन त्यांना खिडकीतून ऐकू येतं, एवढंच.

कोणी म्हणेल मिसळ का नाही. मिसळीशी माझं भांडण नाही. ठाण्यातल्या मामलेदार मिसळीच्या गल्लीपासून हाकेच्या अंतरावर मी निम्मं आयुष्य काढलंय. शिवाय आदल्या दिवशी करून ठेवण्यात मिसळीसारखा पदार्थ नाही, कट तर रात्रभर मुरला की जास्तच जमतो. पण पार्किंगमध्ये उभ्या असलेल्या सत्तर माणसांना मिसळ वाढून बघा. वाटी, चमचा, फरसाण, कांदा, लिंबू, पाव, वरून रस्सा ओतणारा एक आणि 'तर्री कमी' म्हणणाऱ्यांशी हुज्जत घालणारा दुसरा. पांढऱ्या कुर्त्यांचा दिवस आणि लाल रस्सा. पोरं तर तिखट म्हणून हातच लावत नाहीत. कागदी बशीत घेऊन उभ्याने, एका हाताने खाता येईल, गरम असेल आणि पोट भरेल असं काहीतरी हवं होतं. म्हणून हा कॅसेरोल.

मूळ पदार्थ अमेरिकेतल्या घरांतला. तिथे नाताळच्या सकाळी तो पुष्कळ घरांत असतो, कारण त्या सकाळी मुलं भेटवस्तू उघडत असतात आणि आईलाही तिथेच बसायचं असतं. म्हणजे आदल्या संध्याकाळी थर लावायचे, सकाळी फक्त ओव्हन चालू करायचा. त्यांच्याकडे डुकराच्या मांसाचं सॉसेज, चेडर चीज आणि चिमूटभर मोहरीची पूड घालतात. सॉसेज आम्ही अर्थात वगळलं. मोहरी ठेवली, लोणच्याची मोहरीची डाळ घरात असतेच, ती जरा कुटून दुधात घातली की अंड्याचा वास मरतो आणि चीजला धार येते. ऑरेगॅनोऐवजी आलं-मिरची-लसणाचं वाटण आणि मूठभर कोथिंबीर.

आता भांडं. आपल्या पाककृतीत 'एक मोठा ट्रे' असं लिहिलं होतं. अमेरिकेत हा ट्रे ठरलेला असतो : ९ इंच बाय १३ इंच, खोली दोन इंच. तिकडच्या ओव्हनमध्ये असे दोन ट्रे शेजारी शेजारी मावतात. आपल्याकडे घरात ओव्हन असलाच तर तो ओटीजी, म्हणजे ओट्यावर ठेवायचा छोटा विजेचा ओव्हन. सोळा-वीस लिटरच्या ओटीजीत १३ इंचांचा ट्रे जातच नाही, आणि तीस लिटरच्यात गेला तरी कानांची भांडी दाराला अडतात. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह असेल तर आतली काचेची थाळी फिरायला हवी, तिथे लांबट ट्रे भिंतीला टेकतो आणि थाळी अडून बसते. थोडक्यात, पाककृती वाचून आदल्या रात्री कोणी ट्रे भरून ठेवला असेल, तर तो ओव्हनमध्ये मावत नाही हे त्याला सकाळी सहा वाजता कळलं असेल.

यावर तोड सोपी आहे, फक्त ती कोणीतरी छापायला हवी. केकचे आठ इंची चौकोनी ॲल्युमिनियमचे टिन घ्यावेत. ९ बाय १३ म्हणजे ११७ चौरस इंच. आठ बाय आठ म्हणजे ६४. दोन आठ इंची टिन म्हणजे जवळजवळ एक मोठा ट्रे. त्यामुळे मूळ पाककृतीचं साहित्य निम्मं करून एका टिनमध्ये घातलं की हिशेब जुळतो, आणि आठ इंची टिन सोळा लिटरच्या ओटीजीतही बसतो. आम्ही दहा टिन केले. प्रत्येकाचे आठ तुकडे, म्हणजे ऐंशी. सत्तर माणसांना ऐंशी तुकडे पुरतात, कारण चार-पाच जण चहावरच असतात आणि तरुण मुलं दोन उचलतात.

अंड्याच्या एका टिनचं प्रमाण आमच्याकडे असं ठरलं : पाच अंडी, साडेतीनशे मिलिलिटर दूध, अडीचशे ग्रॅम पाव (लादीचे साधारण सहा), शंभर ग्रॅम चीज आणि अडीचशे ग्रॅम परतलेली भाजी. दहापैकी सहा टिन अंड्याचे होते, तेव्हा अंडी लागली बरोबर तीस, म्हणजे बाजारात मिळतो तो अख्खा ट्रे. एकही उरलं नाही की कमी पडलं नाही. दूध पूर्ण सायीचं, तापवून गार केलेलं. कोमट दुधात अंडी फोडू नयेत. आपल्याकडचं प्रोसेस्ड चीज चेडरसारखं भाजताना तूप सोडत नाही ही त्याची चांगली बाजू, पण ते खारट असतं, पावातही मीठ असतंच, तेव्हा पाच अंड्यांना अर्धा चमचा मीठ पुरे.

पाव ताजा नको. लुसलुशीत पाव दुधात पडला की लापशी होते. कालचा पाव घ्यावा, चौकोनी तुकडे करून वर्तमानपत्रावर नव्हे, स्वच्छ पंचावर दुपारभर पसरावा (वर्तमानपत्राची शाई अन्नाला लागू देऊ नये, हे वर्तमानपत्रालाच लिहिताना मजा वाटते). सुकलेला पाव दूध हळूहळू ओढतो आणि तरी आकार धरून राहतो. रात्रभर ठेवण्यामागचं कारण हेच. घाईचं काम असतं तर अर्ध्या तासातही भिजला असता, पण मध्ये कोरडे गड्डे राहिले असते. आम्ही निम्मा लादी पाव आणि निम्मा ब्रून, म्हणजे कडक कवचाचा पाव, घेतला. ब्रूनचं कवच भाजल्यावर दाताला लागतं, ते मला आवडतं. सॅन्डविचचा गोडसर ब्रेड मात्र या कामाचा नाही.

भाजीत पाणी राहता कामा नये, हा सगळ्यात मोठा मुद्दा. जानेवारीत जांभळी नाक्याच्या मंडईत मटार, फ्लॉवर, पातीचा कांदा, पालक सगळं भरभरून असतं आणि हात आवरत नाही. पण फ्लॉवर कच्चा घातला तर रात्रभरात मिठाने पाणी सोडतो, अंडं फाटतं आणि टिनच्या तळाशी पाणी साचतं. म्हणून कांदा तांबूस होईपर्यंत, ढोबळी मिरची कोरडी होईपर्यंत, पालक उकळत्या पाण्यातून काढून मुठीत पिळून. मटार वाफवून. टोमॅटो नकोच, ज्याला हवा त्याने वरून केचप घ्यावा. बटाटे उकडून बारीक फोडी करून तुपावर परतले होते, ते सर्वांना आवडले. कोणाला खिमा घालायचा असेल तर तो पूर्ण शिजवून, सुकवून आणि गार करून मगच थरात घालावा. कच्च्या खिम्यावर अंडी ओतून रात्रभर ठेवण्याचा विचारही करू नये.

आणि आता फ्रिज. 'पटीत वाढवा' लिहिणाऱ्याने आपला फ्रिज उघडून बघितला असेल असं मला वाटत नाही. चार जणांच्या घरातल्या फ्रिजमध्ये दही, कालची आमटी, कणीक, भाज्यांच्या पिशव्या आणि पोरांच्या बाटल्या यांतून फार तर दोन टिनांची जागा निघते. दहा टिन ठेवायचे कुठे? ओट्यावर ठेवता येत नाहीत. ठाण्यातली जानेवारीची रात्र कितीही गुलाबी असली तरी फ्रिजइतकी गार नसते, आणि कच्चं अंडं-दूध पाच अंशांच्या खालीच राहायला हवं. त्याच्या वरच्या तापमानात, साठ अंशांपर्यंत, जंतू भराभर वाढतात. शिवाय गरम भाजी टिनमध्ये घालून टिन फ्रिजमध्ये कोंबला तर आतलं सगळंच कोमट होतं, शेजारचं दूधसुद्धा. तेव्हा भाजी ताटात पसरून पंख्याखाली गार केली, मग थर, मग दूध-अंडं, मग वर फॉइल, आणि टिन पाच घरांच्या फ्रिजमध्ये वाटून दिले. प्रत्येकी दोन.

इथे सोसायटीचा खरा नकाशा दिसला. आमच्या टॉवरमध्ये काही घरं अशी आहेत की माणसं प्रेमळ, वेळेला धावून येणारी, पण फ्रिजमध्ये अंडं चालणार नाही. चालणार नाही म्हणजे नाही, आणि मला त्यात काही वावगंही वाटत नाही. ओटीजीलाही तोच नियम. सत्तरातले पंचवीसेक जण अंडं न खाणारे होते. तेव्हा दहापैकी चार टिन बिनअंड्याचे, आणि ते चारही अशाच दोन घरांत राहिले, तिथल्याच ओटीजीत भाजले गेले. वाटणी अगदी चोख झाली.

बिनअंड्याच्या टिनबद्दल आपल्या पाककृतीत 'अंड्याऐवजी क्रीम वापरा' एवढंच होतं. क्रीमने पाव ओला होतो, पण धरत नाही. कापायला गेलं की ढीग. अंड्याचं काम काय, तर गरम झाल्यावर घट्ट होऊन सगळ्या थरांना एकत्र बांधणं. ते काम आपल्या घरात बेसन पिढ्यान् पिढ्या करत आलंय. सुरळीची वडी किंवा पाटवडी ज्याने केली असेल त्याला ठाऊक आहे : बेसन आणि ताक शिजवलं, पसरलं, की गार होताना ते आपोआप बसतं. मी तेच पीठ जरा पातळ केलं. एका टिनला शंभर ग्रॅम बेसन आणि अर्धा लिटर आंबट ताक, त्यात हळद, हिंग, आलं-मिरची, मीठ. गुठळी राहू नये म्हणून आधी थोड्या ताकात कालवायचं, मग बाकीचं ताक घालून मंद आचेवर सतत ढवळत शिजवायचं. कच्चट वास गेला आणि डावाला पातळ लेप बसू लागला की उतरायचं, पाटवडीसारखं घट्ट होऊ द्यायचं नाही. गरम असतानाच सुक्या पावावर ओतायचं, म्हणजे पाव ते पिऊन घेतो. मध्ये मटार-बटाट्याचा थर, वरून मोहरी, तीळ आणि कढीपत्त्याची चरचरीत फोडणी. गार झालं की झाकून फ्रिजमध्ये. सकाळी भाजल्यावर वर ओलं खोबरं आणि कोथिंबीर. वर किसलेलं चीज घातलं तर मुलं खूश, नाही घातलं तरी पदार्थ अडत नाही.

खरं सांगायचं तर हे टिन अंड्याच्या टिनांच्या आधी संपले. अंडं खाणारेही 'ते काय आहे' म्हणून तिकडे वळत होते, तेव्हा पुढच्या खेपेला वाटणी निम्मी-निम्मी ठेवावी लागेल. एका जैन कुटुंबाला मात्र आदल्या रात्रीचं काहीच चालत नाही. त्यांच्यासाठी कितीही युक्त्या केल्या तरी रात्री रचलेला टिन उपयोगाचा नव्हता. त्यांना सकाळी ताजा शिरा आणि केळी. सत्तर माणसांत असं एखादं घर असतंच, त्यांना आधी विचारलेलं बरं.

२५ तारखेच्या संध्याकाळी सोसायटीच्या ऑफिसात टेबलं जोडून थर लावायचं काम केलं. सभेत आमच्या समितीतल्या एका गृहस्थांनी 'बायका करतीलच' असं म्हणून विषय संपवायचा प्रयत्न केला होता. मी म्हटलं, करतील, पण संध्याकाळचंच, सकाळचं तुम्ही. कारण या प्रकारात सगळी कसब लागते ती संध्याकाळी : परतणं, पिळणं, बेसन कुठे उतरवायचं ते ओळखणं. सकाळी उरतं फक्त घड्याळ. ओटीजीत टिन सरकवायला कोणाच्या हाताला चव असावी लागत नाही. पाच ओटीजी, प्रत्येकावर एक पुरुष, प्रत्येकाच्या हातात वेळ लिहिलेली चिठ्ठी. त्यातल्या एकाने, सेवानिवृत्त इंजिनिअर, दर दहा मिनिटांनी व्हॉट्सॲपवर तापमान कळवलं. कोणी मागितलं नव्हतं.

चिठ्ठीवर काय होतं ते लिहिते, म्हणजे आपल्याला छापता येईल. पावणेसहाला टिन फ्रिजमधून बाहेर, ओटीजी १८० अंशांवर तापत ठेवणे, दोन्ही कॉइल चालू. सव्वासहाला पहिला टिन आत, वर फॉइल. पंचवीस मिनिटांनी फॉइल काढणे. आणखी पंधरा मिनिटांनी मधोमध सुरी खुपसून बघणे : ओलं दूध दिसलं तर अजून पाच मिनिटं, सुरी कोरडी निघाली तर बाहेर. ज्यांच्याकडे स्वयंपाकाचा थर्मामीटर आहे त्यांनी अंड्याच्या टिनच्या मध्यावर ७१ अंश झालेत का ते पाहावं. कडा फुगून वर आल्या आणि मध्य लिबलिबीत असला तर झालं नाही असं समजावं, रंग कितीही सुंदर आला असला तरी. त्यानंतर दुसरा टिन. पाच ओटीजींच्या दोन फेऱ्या आठच्या आत आटोपल्या. मोठा ट्रे असता तर फ्रिजमधून काढलेल्या गार ट्रेला एकालाच तासभर लागला असता.

दोन सूचना सुरक्षिततेच्या. ओटीजी साधारण हजार ते दोन हजार वॅट ओढतो. तो एक्स्टेंशन बोर्डावर किंवा मिक्सरच्या छोट्या सॉकेटवर लावू नये, सोळा अँपिअरचंच सॉकेट हवं. आमच्याकडे एका घरात मोठं सॉकेट होतं ते फक्त गीझरला, म्हणून ओटीजी चक्क बाथरूमच्या दाराशी स्टुलावर आणायचं चाललं होतं. मी तो टिन दुसऱ्या घरी हलवला. दुसरी गोष्ट काचेच्या भांड्याची. फ्रिजमधली गार काच तापलेल्या ओव्हनमध्ये ठेवली की तडकू शकते, मग ती ओव्हनसाठीची का असेना. तुमच्या पाककृतीत काचेचा ट्रे सुचवला होता आणि 'फ्रिजमधून काढून लगेच' हेही शब्द होते. ही दोन वाक्यं एका पाककृतीत असू नयेत.

भाजलेला टिन दहा मिनिटं तसाच ठेवावा, मग कापावा; घाई केली तर तुकडा ढासळतो. पहिल्या फेरीचे टिन आम्ही फॉइलसकट जुन्या चादरीत गुंडाळून सहलीच्या आइसबॉक्समध्ये ठेवले. थंड ठेवणारा डबा गरमही ठेवतो, हे कितीतरी लोकांच्या लक्षात येत नाही. मात्र तिथेही दोन तासांच्या वर ठेवू नये, आणि पहिल्या फेरीचे टिनच आधी कापावेत. आठला झेंडावंदन झालं. भाषणं नेहमीप्रमाणे लांबली, तरी साडेआठच्या सुमाराला तुकडे हातात पडले तेव्हा वाफ येत होती. चहा मात्र बाहेरून मागवला होता आणि तो यायला उशीर झाला, त्याबद्दल जितकं कमी लिहावं तितकं बरं.

स्वस्त पडलं का? वडापावपेक्षा महागच, चीजमुळे. बेसनाचे टिन बरेच स्वस्त.

ज्यांच्याकडे ओव्हनच नाही त्यांनी वाईट वाटून घेऊ नये. मोदकपात्रात वाफवलं तरी अंडं आणि बेसन दोन्ही बसतात, फक्त वर खरपूसपणा येत नाही; तो तुकडे कापून तव्यावर तुपात परतले की येतो. आणि माणसं दीडशे-दोनशे असतील तर बेकरीला विचारावं. दिवाळीच्या आधी घरचं नानकटाईचं पीठ डब्यातून बेकरीत न्यायचं आणि तिथल्या पत्र्यांवर भाजून आणायचं, ही रीत ठाण्यातल्या माझ्या पिढीला चांगली आठवत असेल. सकाळचा पाव निघाल्यावर बेकरीची भट्टी काही वेळ तापलेलीच असते. बेकरीवाल्याशी आदल्या आठवड्यात बोलावं, आपले टिन त्याच्या फळ्यावर मावतात का ते बघावं आणि भट्टी जरा उतरल्यावरच टिन आत घालावेत. पावाची आच अंड्याला सोसत नाही, वरून करपतं आणि आत कच्चं राहतं.

तर संपादक महोदय, माझी मागणी. गर्दीसाठीची पाककृती छापाल तेव्हा जिन्नस ग्रॅम आणि मिलिलिटरमध्ये द्या. 'दोन कप दूध' लिहिलं की मापाचा कप २४० मिलिलिटरचा, आणि आमच्या घरातला चहाचा कप त्याच्या निम्मा. अंड्याच्या पदार्थात एवढा फरक पडला तर खाणाऱ्याला लगेच कळतं. भांड्याची लांबी, रुंदी, खोली द्या. ते किती लिटरच्या ओटीजीत मावतं ते द्या. गार भांड्याला किती वेळ आणि कोमट भांड्याला किती, हे वेगळं लिहा. फ्रिजमध्ये किती जागा लागेल ते सांगा. अंडं न खाणाऱ्यांसाठीचं प्रमाण शेवटच्या ओळीत ढकलू नका, आमच्याकडे ती पंगतीचा तिसरा हिस्सा असते. आणि 'पटीत वाढवा' असं लिहायचं असेल तर आधी कोणाकडून तरी पन्नास माणसांचं करून घ्या. या सगळ्याला जागा पुरत नसेल, तर फोटो थोडा लहान छापावा.

आपली,
एक निवृत्त पोळीभाजी केंद्रचालिका,
पाचपाखाडी, ठाणे (प.)